फुफांनी विचारलेला प्रश्न

२०२५ च्या रमजान ईदनंतरचा आठवडा होता. पाहुणे परतले होते, शीरखुर्म्याची मोठी पातेली घासून माळ्यावर गेली होती. एका मैत्रिणीनं एक लिंक पाठवली आणि खाली लिहिलं, “एकटी असशील तेव्हा ऐक. हेडफोन लावून.” त्या महिन्यात अमेरिकेत एका टीव्ही मालिकेची चर्चा होती. मिशेल विल्यम्स या अभिनेत्रीनं तिच्यात कॅन्सरच्या रुग्णाचं काम केलं आहे. ती मालिका ज्या पॉडकास्टवरून घेतली, त्याची ती लिंक होती. पॉडकास्ट २०२० मधला. नाव ‘डाइंग फॉर सेक्स’.

नाव वाचूनच मी फोन उपडा ठेवला. घरात सासूबाई होत्या. त्यांना इंग्रजी येत नाही, पण तो एक शब्द कुणाला येत नाही?

दुसऱ्या दिवशी भाकरी थापताना ऐकायला घेतला. हात पिठात, कानात दोन अमेरिकन बायका हसतायत, आणि स्वयंपाकघरात कुणाला काही पत्ता नाही. पुस्तक असतं तर मुखपृष्ठ झाकावं लागलं असतं, सिनेमा असता तर दार लावावं लागलं असतं. पॉडकास्टचं तसं नाही. आपल्या घरांमधल्या बायकांसाठी ही फार सोयीची गोष्ट आहे, आणि अजून तिचा म्हणावा तसा वापर आपण केलेला नाही.

पहिला भाग मी अर्ध्यावर बंद केला. कारण सांगते. मॉली कोकन ही बाई. २०११ मध्ये तिला स्तनाचा कॅन्सर निघाला, उपचार झाले, आणि २०१५ मध्ये कळलं की तो शरीरात इतरत्र पसरलाय. चौथी पायरी. बरं होणं नाही, फक्त किती दिवस हा प्रश्न. तेव्हा मॉलीनं काय केलं? नवऱ्याला सोडलं आणि अनोळखी पुरुषांना भेटायला लागली. त्या भेटींचे किस्से ती आपल्या जिवलग मैत्रिणीला, निकी बॉयरला, सांगते आणि दोघी पोट धरून हसतात. ते किस्से मला इथं लिहिता येणार नाहीत आणि लिहायचेही नाहीत. माझी घडण अशी आहे की ते ऐकताना माझे कान तापले. मी जे हलाल मानते आणि जे हराम मानते, त्याच्या बरोबर पलीकडे ही बाई उभी होती.

तरी आठवडाभरानं मी परत तिथंच गेले. एक गोष्ट डोक्यातून जात नव्हती. मॉली म्हणते ते साधारण असं, की आजार आल्यावर नवरा तिचा नवरा राहिला नाही, तिची सेवा करणारा झाला. गोळ्यांच्या वेळा, डॉक्टरांच्या तारखा, जेवलीस का. सगळं प्रेमानंच, पण त्यात तिच्याकडे बाई म्हणून बघणं संपलं. दिवसभरात तिच्या शरीराला कितीतरी हात लागत. सुई टोचणारे, गाठ चाचपणारे, पट्टी बदलणारे. बिनकामाचा एकही हात नव्हता.

‘बिनकामाचा हात’ हे शब्द माझे आहेत, मॉलीचे नाहीत. ते मला सुचले कारण ऐकता ऐकता मला माझी फुफी आठवली. आणि फुफीच्या मागे फुफा.

अब्बांची ही थोरली बहीण. तासगावजवळच्या एका गावात दिलेली. फुफांचा धंदा गाद्यांचा. कापूस पिंजायचं मशीन, पुढं दुकान, मागं घर. पंचक्रोशीत कुणाचं लग्न निघालं की रुखवतातली गादी, दोन उशा, रजई फुफांकडून. हिंदूंच्या लग्नात, आमच्या लग्नात, सगळीकडे. फुफी दुपारी दुकानात बसून उशांचे अभ्रे शिवायची आणि गिऱ्हाईक नसलं की दोघं एकमेकांना टोमणे मारत बसायची. आम्हा पोरींना त्यांच्या टोमण्यांची मोठी गंमत वाटे. आमच्या अम्मी-अब्बांना आम्ही असं बोलताना कधी बघितलं नव्हतं.

फुफीला २०१६ मध्ये कॅन्सर निघाला. मॉलीसारखाच, स्तनाचा. भारतातल्या बायकांमध्ये आज हाच सगळ्यात जास्त आढळतो. ऑपरेशन झालं, एक बाजू काढली, केमो झाला, केस गेले आणि परत आले. दीड वर्ष बरं गेलं. २०१८ च्या सुरुवातीला कंबर दुखायला लागली. सगळ्यांना वाटलं मशीनवर बसून बसून दुखत असेल. स्कॅन केला तर हाडांत पसरलेला.

आमच्या खानदानात बी.एस्सी. झालेली मी एकटी, म्हणून फायली माझ्याकडे. दर तीन आठवड्यांनी फुफी, फुफा आणि मी, एसटीनं शहरातल्या हॉस्पिटलात.

घरात तोवर एक बदल झालेला होता. फुफीची खाट आतल्या खोलीत गेली होती आणि फुफांना बाहेर दुकानात झोपायला सांगितलं होतं. हा निर्णय कुणी घेतला ते नेमकं सांगता येणार नाही. असे निर्णय आपल्या घरांत कुणी घेत नाही, ते होतात. थोरल्या सुनेचं म्हणणं, इन्फेक्शन होईल. शेजारची एक बाई म्हणाली, केमोची गरमी दुसऱ्याला लागते. कुणी तरी म्हणालं, आता तौबा-इस्तिगफारचे दिवस, आता हे काय. ‘हे’ म्हणजे काय ते कुणी उच्चारलं नाही. माझी अम्मी म्हणाली, “जवान बहू घरात आहे, बरं दिसतं का.” फुफी तेव्हा चोपन्न वर्षांची होती, फुफा साठीला टेकलेले. साऱ्या तालुक्याला गाद्या करून देणारा माणूस दुकानाच्या फरशीवर सतरंजी टाकून झोपत होता, कारण विक्रीच्या गादीवर आपण झोपायचं नाही हा त्यांचा नियम होता.

त्या उन्हाळ्यातला एक दिवस. ओपीडीत नंबर यायला दोन तास. फुफी बाकावर माझ्या खांद्याला टेकून झोपलेली. नंबर पुकारला तसं फुफांनी मला बाजूला घेतलं. टोपी काढली, परत घातली. मग खालच्या आवाजात म्हणाले, “बेटा, डाक्टर को एक बात पूछना. एक पलंग पे सोए तो चलता क्या, इतना पूछ.”

मी मान हलवली. आत गेलो. टेबलापलीकडे माझ्याच वयाचा डॉक्टर, बाजूला दोन शिकाऊ मुलं उभी. त्यांनी रिपोर्ट पाहिले, पुढची तारीख दिली, “काही विचारायचंय?” असंही म्हणाले. मी म्हणाले, “नाही.”

बाहेर आल्यावर फुफांनी नुसतं माझ्याकडे बघितलं. मी म्हणाले, “नक्को बोले.”

एवढंच. दोन शब्द. डॉक्टरांचं नाव घेऊन मी खोटं बोलले. त्या माणसानं जन्मात मला एकच गोष्ट मागितली होती. आणि मला काय वाटलं होतं म्हणून सांगू? मला किळस नाही वाटली, पण लाज वाटली. शिकाऊ पोरांसमोर आपल्या म्हाताऱ्या फुफांची ‘तसली’ गोष्ट काढायची म्हणून. मुसलमानांबद्दल आधीच लोक काय काय बोलतात, त्यात हे कशाला, असाही एक विचार येऊन गेला. तो विचार आजही मला सगळ्यात जास्त खुपतो. आपण किती ठिकाणी आपल्या माणसांचे साधे हक्क असल्या भीतीपोटी गिळून टाकतो, त्याचा कुणी हिशोब मांडलेला नाही.

पॉडकास्ट ऐकून झाल्यावर मी एका ओळखीच्या डॉक्टरबाईंना फोन केला. त्या पॅलिएटिव्ह केअरचं काम करतात. म्हणजे जिथं आजार बरा होणार नाही, तिथं दुखणं कमी करायचं आणि राहिलेले दिवस माणसासारखे जावेत हे बघायचं. आपल्याकडे हे काम नवं नाही. मुंबईत बांद्र्याला शांती आवेदना सदन १९८६ पासून आहे, पुण्यात वारज्याचं सिप्लाचं केंद्र १९९७ पासून. मी त्यांना फुफांचा प्रश्न सात वर्षं उशिरा विचारला. त्या म्हणाल्या, अहो, एका खाटेवर झोपायला कसली हरकत? कॅन्सर लागण होऊन पसरत नाही. शेजारी झोपून नाही, मिठी मारून नाही, कशानंच नाही. केमो दिल्यावर पहिले दोन-तीन दिवस शरीरातल्या स्रावांतून औषध थोडं बाहेर पडतं, तेवढ्या दिवसांत संबंध आला तर निरोध वापरायला सांगतो. पेशी कमी झालेल्या असताना ज्याला सर्दी-ताप आहे त्यानं लांब राहावं. हाडांत पसरला असेल तर हाड मोडू नये म्हणून वजन पडू द्यायचं नाही, कुशीवर, उशांचा आधार देऊन झोपायचं. हार्मोनच्या गोळ्यांनी आणि केमोनं बायकांना कोरडेपणा येतो, इच्छा कमी होते, त्यावर उपाय असतात. (मॉलीचं उलट झालं होतं. औषध सुरू झाल्यावर तिची इच्छा वाढली, आणि तिचं सगळं प्रकरण तिथून सुरू झालं.) मग त्या म्हणाल्या, “विचारत कुणी नाही. आणि खरं सांगू, आमच्यातलेही बरेच जण स्वतःहून सांगत नाहीत.”

उशांचा आधार देऊन. फुफांच्या दुकानात पाचशे उशा होत्या.

आता थोडं दीनबद्दल. माझे काही वाचक म्हणतील की ही सगळी लाजच मुळात आपल्याला धर्मानं शिकवली. मला तसं वाटत नाही. आमच्या अम्मीच्या पेटीत लग्नात मिळालेलं ‘बहिश्ती जेवर’ आहे. मौलाना अशरफ अली थानवींचं हे पुस्तक शंभरेक वर्षं नव्या नवरीच्या हातात दिलं जातं. त्यातल्या बऱ्याच गोष्टींशी माझं भांडण आहे, पण हैज, गुस्ल, पाकी-नापाकीबद्दल ते इतकं मोकळं बोलतं की माझ्या कॉलेजातल्या मराठी मैत्रिणी चकित व्हायच्या. कुरआननं पती-पत्नीला एकमेकांचं वस्त्र म्हटलंय. हैजच्या दिवसांत हजरत उम्मे सलमा बाजूला सरकल्या तर रसूलुल्लाहनी (स.) त्यांना परत आपल्याच चादरीत बोलावून घेतलं, अशी हदीस बुखारीत आहे.

आणि वफात? शेवटच्या आजारात हुजूरांनी (स.) बाकी पत्नींची इजाजत घेतली आणि हजरत आयेशांच्या हुजऱ्यात राहायला गेले. मिस्वाक बघून त्यांना ती हवीशी वाटली, तेव्हा आयेशांनी ती आपल्या दातांनी चावून मऊ करून दिली. आणि प्राण गेला तेव्हा त्यांचं डोकं आयेशांच्या छातीशी होतं. हे कुणी चोरून बघितलेलं नाही. स्वतः आयेशांनीच पुढं सांगितलं, आणि अभिमानानं सांगितलं. दरवर्षी बारावफातच्या बयानात हा प्रसंग मी ऐकत आलेय. त्या बयानाला आमच्या घरचे सगळे पुरुष जायचे. फुफीची खाट आत नेताना त्यातल्या एकालाही तो आठवला नाही. मलाही नाही.

डिसेंबर २०१८ मध्ये, पहाटे, फुफी गेली. आतल्या खोलीत. जवळ सून होती. फुफा दुकानात.

गुस्लची तयारी सुरू झाली. फुफांनी बंब पेटवला, बोरीची पानं टाकून पाणी तापवलं, बादल्या भरून चादरीपर्यंत आणून ठेवल्या. चादरीच्या आत आम्ही बायका. एका वेळी चादर थोडी सरकली तर गुस्ल देणाऱ्या खाला ओरडल्या, “भाई, अब तुम नामहरम हो गए, पीछे हटो.” फुफा हटले. पस्तीस वर्षांचा संसार, आणि पाणी तापवायला चालतो पण ओतायला नाही.

मी नंतर याबद्दल वाचलं, विचारलं. आम्ही घाटावरचे मुसलमान बहुतेक हनफी. हनफी फिक्हमध्ये बायको गेली की निकाह तिथंच संपतो, म्हणून नवरा तिला गुस्ल देऊ शकत नाही, अंगाला हात लावू शकत नाही. चेहरा मात्र बघता येतो, जनाज्याला खांदाही देता येतो. म्हणजे खालांनी मागं हटवलं ते मसल्याच्याही पुढं जाऊन, आपल्या रिवाजानं. नवरा गेला तर बायको त्याला गुस्ल देऊ शकते, कारण तिची इद्दत चालू असते. शाफई फिक्हमध्ये मात्र दोघांनाही मुभा आहे. कोकणातले मुसलमान शाफई. माझी एक मैत्रीण खेडकडची, तिला मी हे सांगितलं तर ती म्हणाली, “आमच्याकडे चालतं गं, करणारे कमी, पण चालतं.” हजरत अलींनी बीबी फातिमांना गुस्ल दिला ही रिवायत शाफई उलेमा दाखला म्हणून देतात, हनफी तिचा अर्थ वेगळा लावतात. म्हणजे फुफा कराड ओलांडून चिपळूणकडे उतरले असते तर तिथल्या मसल्यानं त्यांना शेवटचा एक हात लावता आला असता. मी फतवा देत नाही. माझा तेवढा इल्मही नाही. पण ज्या माणसाला जिवंतपणी वर्षभर लांब ठेवलं, त्याला मेल्यावर पुन्हा लांब केलं, हे मी डोळ्यांनी बघितलंय.

पुढची गोष्ट ऐका. पाच महिने झाले नसतील, आणि त्याच घरातले तेच लोक फुफांसाठी स्थळं बघायला लागले. “एकटा माणूस, घर कोण बघणार?” मिरजेची एक बेवा, कवठ्याची एक तलाकशुदा. जवान बहू घरात असतानाच. साठीच्या माणसाला बायको लागते हे अचानक सगळ्यांना मान्य झालं होतं, फक्त ती आजारी नको होती. फुफांनी प्रत्येक स्थळाला “देखेंगे” म्हटलं आणि कधीच काही बघितलं नाही.

मॉली फुफीनंतर तीन महिन्यांनी गेली, मार्च २०१९ मध्ये. दोघी एकाच वेळी आजारी होत्या. एक लॉस एंजेलिसमध्ये, एक तासगावच्या रस्त्याला. पॉडकास्टचे शेवटचे भाग हॉस्पिटलमधले आहेत. आवाज थकलेला, मागे यंत्रांची टिकटिक, निकी शेजारी. किस्से तोवर मागं पडलेले असतात. लहानपणी आईच्या मित्रानं केलेल्या अत्याचाराबद्दल ती बोलते, आईशी जुळवून घेते, आणि कळत जातं की ती इतकी वर्षं आपल्याच शरीरातून पळत होती. शेवटी तिला जे सापडलं ते कुणा पुरुषात नव्हतं, असं ती स्वतःच सांगते. तिचा रस्ता माझा नाही. तिच्या सुटलेल्या नवऱ्याबद्दलही मला वाईट वाटतं. सेवा करणाऱ्याचं शरीर कुणी विचारत नाही, हे फुफांमुळे मला ठाऊक आहे. पण तिनं स्वतःहून विचारलं, आणि मोठ्यानं विचारलं. आमच्या फुफीला काय वाटत होतं, हे मी कधीच विचारलं नाही. फुफांचा तरी प्रश्न माझ्याकडे आहे. तिचं काहीच नाही. तिला ते शेजारी हवे होते की दुखण्यानं नको होते, कुणास ठाऊक. एकदा मी तिच्या पाठीला तेल लावत होते तेव्हा ती म्हणाली होती, “तेरे हाथ ठंडे हैं.” मी हात चोळून गरम केले. यापलीकडे मला काही सुचलं नाही.

बकरी ईदला गावी गेले. दुपारी सगळे झोपले होते, फुफा दुकानात एकटेच बसलेले. आता मशीन मुलगा चालवतो. फोमच्या गाद्या आल्यापासून धंदा निम्मा झालाय. मी चहा घेऊन गेले, समोर बसले आणि सांगून टाकलं. ओपीडीचं, डॉक्टरांचं, मी काहीच विचारलं नव्हतं ते. माफ करा म्हणाले.

फुफा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “मेरे कू मालूम था.”

मी बघतच राहिले.

“डाक्टर इतने जल्दी जवाब नहीं देते. तू तो अंदर जाके तुरंत आई.” आणि हसले. मग टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. “पर मैं भी कहाँ गया फिर से पूछने? दरवाजा तो खुला था.”

बाहेरून कुणी तरी उशीचा भाव विचारत आलं. फुफा उठले. त्यांना दोन उशा दाखवल्या, दाबून बघायला लावल्या, एक विकली. परत येऊन बसले तेव्हा चहा गार झाला होता. मी दुसरा आणते म्हणाले, तर नको म्हणाले, असाच पितो.